आईच्या ओवीतलं जातं कुठं गेलं?

ध्वनिसंग्रहाच्या विश्वस्त मंडळाला खुले पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष व सर्व विश्वस्त,

स. न. वि. वि.

संस्थेचं नाव वर लिहिलेलं नाही. राहून गेलं असं समजू नका, मुद्दाम टाळलं आहे. नाव लिहिलं की लोक नावावरून भांडत बसतात आणि मुद्दा कोपऱ्यात पडतो. शिवाय असं वागणारी संस्था तुमची एकटीच असेल, असंही मला वाटत नाही. पत्र ज्यांना आहे त्यांना चार ओळींत ओळख पटेल.

तुमच्या सूचनाफलकावर गेल्या महिन्यात एक कागद लागला. ‘संग्रहातील ध्वनिमुद्रित साहित्याचे डिजिटायझेशन पूर्ण झाले असल्याने मूळ स्पूल व कॅसेट निर्लेखित करण्यात येत आहेत.’ मी ३१ वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवलं, त्यामुळे हा शब्द माझ्या चांगल्या ओळखीचा आहे. मोडकी बाकं, गळकी पिंपं, काटा हललेला तराजू, सगळ्याचं आम्ही निर्लेखन करायचो. जडवस्तू नोंदवहीत लाल शाईची रेघ, मुख्याध्यापकांची सही, की वस्तू भंगारात. त्याच रांगेत एक दिवस माझी आई उभी राहील असं वाटलं नव्हतं.

आई म्हणजे आईचा आवाज. तो तुमच्याकडे आहे, १९८३ सालच्या एका स्पूलवर, म्हणजे ध्वनिफितीच्या रिळावर.

आमचं गाव पाटण तालुक्यात, कोयनेच्या खोऱ्यात. त्या वर्षी उन्हाळ्यात तुमच्या संस्थेच्या एक अभ्यासक बाई जात्यावरच्या ओव्या जमवत आमच्याकडे आल्या. खांद्याला रेकॉर्डर, हातात वही. मी तेव्हा डी.एड. करून घरी बसले होते, म्हणून त्यांच्या मागं मागं फिरण्याचं काम माझ्याकडे आलं. पहिल्या संध्याकाळी त्यांनी आईला, धाकट्या चुलतीला आणि शेजारच्या दोघींना ओट्यावर बसवलं, माईक पुढं धरला आणि म्हणाल्या, “म्हणा आता.” चौघी एकमेकींकडे बघत बसल्या. आईनं दोन ओव्या कशाबशा म्हटल्या आणि तिसरीला अडली. जिला हजार ओव्या येतात म्हणून गावभर नाव, ती आई पदर तोंडाला लावून हसायला लागली. बाईंचा चेहरा उतरला. शेवटी चुलती म्हणाली, “अवो बाई, खुट्याला हात लागल्याबिगर कसं यील तोंडात?”

मग दुसऱ्या दिवशी पहाटे नाचणी काढली. आई आणि चुलती समोरासमोर बसल्या, दोघींचे हात खुंट्यावर, आणि पहिली मूठ वैरली तशी ओवी आली. तिच्यामागं दुसरी, तिसरी. आई सोडायची, चुलती उचलायची. बाईंनी आधी माईक उशीवर ठेवून बघितला, मग जात्यापासून लांब नेला, जात्याखाली गोणपाट घालून झालं. घरघर काही कमी होईना. मग त्यांनी नाद सोडला. तुमच्या नोंदवहीत त्या स्पूलच्या पुढं त्यांच्या अक्षरात लिहिलेलं आहे, मी तेव्हाच वाचलं होतं : ‘जात्याच्या आवाजासह. दळण नाचणी. खुंट्यावर दोघी.’ त्यापुढं दोघींची नावं, वयं, सासर-माहेर, आणि कुठली ओवी कुणाकडून शिकली तेसुद्धा.

ही वही तुमच्या आजच्या कारभाऱ्यांपैकी किती जणांनी उघडली आहे?

या जानेवारीत तुमच्या डिजिटल संग्रहाचं उद्घाटन झालं. निमंत्रण व्हॉट्सअॅपवर आलं, मी एसटीनं आले. समई, शाल, श्रीफळ, सगळं यथासांग झालं. मग पडद्यावर ‘लोकगीत स्त्री ०१४’ असं नाव आलं आणि सभागृहात आईचा आवाज घुमला.

आवाज आईचाच होता, पण आई कुठं बसून गातेय ते कळेना. विहिरीच्या तळातून कुणी बोलावं तसा पोकळ, ओला आवाज. शब्दांच्या कडा झिजलेल्या. ‘गं बाई’मधला ‘गं’ अर्धा गिळलेला. आणि जातं नाही. मला वाटलं सभागृहातल्या यंत्रात बिघाड असेल. कार्यक्रम संपल्यावर तुमच्या तंत्रज्ञ मुलाला विचारलं. मुलगा चांगला आहे, त्यानं न कंटाळता सगळं समजावून सांगितलं, त्याच्याविषयी माझी काही तक्रार नाही. तो म्हणाला, “काकू, खूप नॉईज होता, आम्ही क्लीन केलंय.”

सॉफ्टवेअर ते कसं करतं हेही त्यानं दाखवलं. गाणारी श्वास घेते तेवढ्या मोकळ्या जागेत जो एकसारखा आवाज शिल्लक राहतो, त्याचा नमुना यंत्राला द्यायचा. यंत्र तो आवाज सबंध फितीतून वजा करतं. आता बघा, जात्यावर गाणारी बाई श्वासापुरती थांबली तरी जातं थांबत नाही. त्या मोकळ्या जागेत एकसारखं काय असणार? जातंच. म्हणजे यंत्रानं नेमकं ओळखून जातं काढलं. आणि जात्याच्या आवाजात मिसळलेला आईचा जो काही खर्ज होता, तोही त्याच्याबरोबर गेला. खडे निवडताना दाणेही जातात, तसं.

पण गंमत पुढंच आहे. त्याच कार्यक्रमात तुम्ही चार मिनिटांची एक चित्रफीत दाखवलीत. तीत आईच्या त्याच धुतलेल्या आवाजामागं बासरी होती, आणि बासरीच्या मागं जात्याची घरघर. ही कुठून आली? तयार आवाजांच्या साठ्यातून उचललेली होती. मला ती लगेच खटकली, कारण ती सुरुवातीपासून शेवटपर्यंत एका लयीत चालली होती. खरं जातं असं चालत नाही. मूठ वैरली की आवाज जड होतो, दबतो, गती उतरते. दाणा सरत आला की जातं हलकं होतं, पळायला लागतं. रिकामं झालं की दगडाला दगड घासून खरखरतं, तेव्हा म्हणणारी ओवी अर्ध्यात तोडून “वैर गं” म्हणते. ओवीची लांबी, थांबा, कुठला शब्द ओढायचा आणि कुठला गिळायचा, हे सगळं तो दगड ठरवतो. तुम्ही आईचं जातं खोडलंत आणि त्या जागी कुणाचं तरी फिरवलंत.

हे मी रागानं लिहीत असले तरी अपशब्द वापरणार नाही. तक्रारी मात्र एकेक करून मांडते.

पहिली तक्रार सांगून झाली : मूळ ध्वनिमुद्रणाची जशीच्या तशी प्रत करण्याऐवजी तुम्ही त्यावर उपचार केलेत आणि उपचार केलेली प्रत हीच मूळ प्रत म्हणून ठेवलीत. आयएएसए ही ध्वनिसंग्रहांची आंतरराष्ट्रीय संघटना आहे. जतनाची प्रत कशी करावी याची तिची मार्गदर्शक तत्त्वं आहेत आणि ती जगभर मानली जातात. त्यांत साफ म्हटलंय की जतनाच्या प्रतीला हात लावायचा नाही. साफसफाई हवी तर ऐकण्याच्या वेगळ्या प्रतीवर करा. हे मला सेवानिवृत्तीनंतर घरबसल्या वाचून कळलं. तुमच्या निविदेत ते असायला हवं होतं.

दुसरी तक्रार त्यालाच लागून आहे. तुमच्या फाइली एमपीथ्री आहेत, १२८ केबीपीएसच्या. हा प्रकार मुळातच आवाजातला काही भाग कायमचा टाकून फाइल लहान करतो. फोनवर गाणं ऐकायला ठीक. जतनासाठी ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट (आवाज किती बारकाईनं टिपला त्याची ही मापं) ही खालची मर्यादा मानतात आणि शक्यतो ९६ किलोहर्ट्झ करा म्हणतात. जागा लागते म्हणाल, तर एका माईकच्या अशा १ तासाला साधारण १ जीबी लागते. तुमचा संग्रह ४०० तासांचा धरला तरी सगळ्या ओव्या, भेदिक, पोवाडे, धनगरी गजे मिळून आज बाजारात मिळणाऱ्या खिशातल्या डिस्कवर मावतील आणि वर निम्म्याहून जास्त जागा उरेल. खर्च वाचला म्हणता तो नक्की कशात वाचला?

तिसरी तक्रार, नावं. ‘लोकगीत स्त्री ०१४.’ आईचं नाव, चुलतीचं नाव, गाव, दळण, काही नाही. १९०२ साली कोलकात्यात ग्रामोफोनवाल्यांनी गौहर जानचं गाणं मुद्रित केलं. तबकड्या छापायच्या होत्या जर्मनीत, हॅनोव्हरला. तिथल्या कारागिरांना कळावं म्हणून गाणं संपताना ती स्वतः मोठ्यानं सांगते, “माय नेम इज गौहर जान.” सव्वाशे वर्षांपूर्वीच्या कारखान्याला कळत होतं की आवाज आणि नाव यांची ताटातूट झाली की आवाज बेवारस होतो. आमच्या बायका असं काही सांगणाऱ्यातल्या नव्हत्या. त्यांच्या वतीनं त्या अभ्यासक बाईंनी नावं वहीत लिहिली. ती वही स्कॅनसुद्धा झालेली नाही. ‘हस्तलिखित असल्याने वगळले’ असं मला सांगण्यात आलं.

चौथी तक्रार ओव्यांच्या मधल्या बोलण्याची. मूळ फितीत ओव्यांच्या मध्ये बोलणं होतं, ते तुम्ही ‘अनावश्यक संभाषण’ म्हणून कापलंत. त्यातला एक तुकडा मला पाठ आहे, कारण तेव्हा मी तिथंच होते. आईनं एक ओवी म्हटली :

पाटंच्या पाऱ्याला हाती जात्याचा गं खुटा
हालली धरणी, पीठ उधळलं चहूवाटा

बाईंनी विचारलं, हे कशावर? आणि आईनं जातं न थांबवता सांगितलं. ११ डिसेंबर १९६७. कोयनेचा भूकंप. पहाटेचे ४ वाजून २१ मिनिटं, म्हणजे दळणाचीच वेळ. खोऱ्यातल्या कितीतरी घरांत त्या क्षणी बायका जात्यावर असणार. आई म्हणाली, “मला वाटलं जात्यालाच कायतरी झालं. हात सोडला तरी हालतंया. मग भित पडली तवा कळलं.” त्या पहाटे पावणेदोनशेच्या आसपास माणसं गेली. त्याचे सरकारी अहवाल आहेत, यंत्रांवरचे आलेख आहेत. पण हाताखालचा दगड आपोआप हलला म्हणजे काय वाटतं, ते त्या अर्ध्या मिनिटाच्या बोलण्यात होतं. ते अनावश्यक ठरलं. ओवी उरली आणि ती कशावरची ते गेलं.

इथं स्वतःविषयी एक कबुली द्यायला हवी. तो भूकंप मला आठवतो असं मी कित्येक वर्षं वर्गात मुलांना सांगत आले. भिंत पडली, पीठ उडालं, आई ओरडली, सगळं रंगवून. खरं म्हणजे मी तेव्हा ४ वर्षांची होते आणि वडिलांनी मला झोपेतच उचलून अंगणात नेलं होतं. मला भूकंप आठवत नाही. मला ती ओवी आठवते. ओवीनं माझ्या डोक्यात भूकंप बांधून ठेवला आणि मी तो स्वतःचा समजून बसले. माणसाची आठवण अशीच असते, इकडून तिकडून उसनं आणून उभी केलेली. फाइल तशी नसते, ती जशी आहे तशीच राहते, म्हणून तर तिचा भरवसा. पण तुम्ही तर फाइलच बदललीत. मग आमची चूक दुरुस्त करायला आधार कुठला?

पाचवी तक्रार म्हणजे मघाचा सूचनाफलकच. फिती टाकून देणं. तुमचं म्हणणं मला माहीत आहे, आणि त्यातलं अर्धं खरं आहे. फिती मरतात. त्यावरचा लेप ओल धरतो, चिकट होतो, यंत्रातून जाताना सुटून येतो. आमच्याकडच्या पावसात तर बुरशी ठरलेलीच. शिवाय वाजवणारी यंत्रं बनायची थांबली, सुटे भाग मिळत नाहीत, दुरुस्त करणारे हात म्हातारे झाले. युनेस्को आणि आयएएसए यांनी मिळून २०१९ मध्ये याच गोष्टीचा जगाला इशारा दिला होता, की चुंबकीय फितींची प्रत करून घ्यायला आता थोडीच वर्षं उरली आहेत. म्हणून तुम्ही डिजिटायझेशन हाती घेतलंत हे बरोबरच केलंत. संग्रहासाठी वर्गणीचं पत्रक निघालं तेव्हा मीही पेन्शनमधून माझा वाटा दिला होता.

पण प्रत केली म्हणून मूळ टाकायचं हे कुठल्या न्यायानं? चांद्रविजयाच्या, अपोलो ११ च्या मूळ फिती नासाकडे होत्या. पुढं फितींची टंचाई आली आणि त्या पुसून पुन्हा वापरल्या गेल्या. दूरचित्रवाणीवर दाखवलेली प्रत होती, पण ती मूळ फितींपेक्षा धूसर. शोधाशोध झाली तेव्हा उशीर झाला होता आणि २००९ मध्ये तसं जाहीर करावं लागलं. नासाचं हे झालं, आपण तर कोयना खोऱ्यात आहोत. आणि डिजिटल म्हणजे अमर अशी ज्यांची समजूत असेल त्यांच्यासाठी मायस्पेसचं उदाहरण. २००३ पासून १२ वर्षांत लोकांनी तिथं चढवलेली गाणी, सुमारे ५ कोटी असं म्हणतात, एका सर्व्हरवरून दुसऱ्यावर नेताना गेली. २०१९ मध्ये कंपनीनं दिलगिरी व्यक्त केली. तुमच्याकडच्या सगळ्या फाइली एका संगणकावर आणि कार्यालयाच्या कपाटातल्या एका डिस्कवर आहेत. दोन्ही एकाच खोलीत. त्या खोलीचं छत मी पावसाळ्यात पाहिलं आहे.

इंद्रायणीचं उदाहरण इथं सगळेच देतात, गाथा बुडाली तरी लोकांच्या तोंडी तरली वगैरे. मी देणार नाही, कारण आज ओव्या कुणाच्या तोंडी राहिलेल्या नाहीत. माझ्याही नाहीत. हीच माझी सर्वांत मोठी शरम आहे आणि या पत्रात ती लपवून चालणार नाही.

आईला हजार येत होत्या असं म्हणतात. मला ११ येतात. काल कागदावर मोजल्या. मी शाळेत ‘जात्यावरची ओवी’ हा धडा फळ्यावर लिहून शिकवत होते, यमक आणि अलंकार सांगत होते, आणि घरी आमचं जातं परसात उन्हापावसात पडलं होतं. गावात गिरणी आल्यावर कुणी वापरेना, टाकी लावायला, म्हणजे झिजलेला दगड टोचून खरबरीत करायला, येणाऱ्या बायकाही यायच्या थांबल्या. वरची पाळी भावानं नव्या घराच्या दारात पायरी म्हणून बसवली. मी अडवलं नाही. मला वाटायचं, ओव्या तिकडं संस्थेत आहेत ना, सुरक्षित आहेत. आईचा आवाज कपाटात आहे या भरवशावर मी तो आठवायचं सोडून दिलं. ४० वर्षांत एकदाही ऐकायला आले नाही. तुमच्यासारख्या संस्थांचं ओझं असं असतं. लोक वस्तूच ठेवून जातात असं नाही, स्वतःचं लक्षात ठेवणंच तुमच्याकडे गहाण टाकून जातात. मग तुम्ही ते निर्लेखित करता.

आईचे शेवटचे दिवस सांगते आणि हा भाग संपवते. २००६ नंतर तिला माणसं ओळखू येईनाशी झाली. मला ती कधी चुलती म्हणायची, कधी तिच्या आईच्या नावानं हाक मारायची. एकदा भाची कुठल्याशा प्रकल्पासाठी ओव्या विचारायला आली. आई नुसती बघत राहिली. मग मला १९८३ ची ती संध्याकाळ आठवली. शेजारणीकडे डाळ भरडायचं लहान जातं होतं, ते आणलं आणि आईचा हात खुंट्यावर ठेवला. दोन-तीन फेरे नुसते गेले. मग :

सांगून धाडीते वाऱ्याच्या गं हाती बोली
लेकीच्या गावाची वाट पावसानं ओली

आणि माझ्याकडे बघून म्हणाली, “तू कवा आलीस?” हात थांबला तशी पुन्हा गेली. तिची आठवण डोक्यात नव्हती उरली, दंडात होती, खांद्यात होती. मला यातलं शास्त्र सांगता येणार नाही. पण जात्याच्या आवाजाला ‘नॉईज’ म्हणणाऱ्यानं ते दहा मिनिटं बघायला हवं होतं.

हे नीट करता येतं. आपल्याच राज्यात केलेलं आहे. साने गुरुजींनी १९४० मध्ये बायकांच्या ओव्या पुस्तकात आणल्या. सरोजिनी बाबरांनी लोकसाहित्य समितीतून आयुष्य घातलं. पुण्यात गी पॉइटवँ आणि हेमा राईरकर यांनी गावोगाव माणसं पाठवून एक लाखाच्या वर ओव्या जमवल्या, आणि आज त्या ‘पारी’ या ग्रामीण भारताविषयीच्या संकेतस्थळावर येतात तेव्हा गाणारीचं नाव, गाव, जात, मुलंबाळं, धंदा, तिचा फोटो असं सगळं बरोबर येतं. त्यांची माणसं पुन्हा त्या गावांत गेली, त्या बायकांना भेटली, पुन्हा गाऊन घेतलं. बहिणाबाई चौधरींच्या कविता सोपानदेवांनी वहीत उतरवल्या नसत्या तर १९५२ चं ते पुस्तकच निघालं नसतं. वहीचं महत्त्व मराठी संस्थेला पटवून द्यावं लागावं?

एक गोष्ट उरली. उद्घाटनात एक पाहुणे म्हणाले की पुढच्या टप्प्यात संगणक या आवाजांवर शिकेल आणि नव्या ओव्या रचेल. टाळ्या पडल्या. माझा संगणकावर राग नाही, हे पत्र मी त्यावरच लिहिते आहे. पण ओवी कुणाला तरी उद्देशून असते, भावाला, लेकीला, मैत्रिणीला, सासूच्या अपरोक्ष सासूला. संगणकाला माहेर कुठलं? असो, ते तुम्ही आणि तो बघा. आईचा आवाज त्याच्यासाठी वापरायचा असेल तर आधी आम्हाला विचारा, एवढंच माझं म्हणणं आहे. जी हयात आहे तिला विचारा, जी नाही तिच्या घरच्यांना विचारा, आणि नाही म्हटलं तर वगळा.

आता मागण्या.

निर्लेखनाचा ठराव रद्द करा आणि तसा कागद त्याच फलकावर लावा. भंगारवाल्याला कळवायचं असेल तर आजच कळवा, कारण सूचनेतली मुदत या महिनाअखेर संपते.

ज्या फिती अजून वाजतात त्यांची नव्यानं प्रत करा : डब्ल्यूएव्ही (आवाज न कापता साठवणारा फाइलीचा प्रकार), ९६ किलोहर्ट्झ, २४ बिट, काहीही न गाळता. जातं, कोंबडा, पोराचं रडणं, मधलं बोलणं सगळं त्यात राहू द्या. आत्ताच्या धुतलेल्या फाइली टाकू नका, पण त्यांच्यावर ‘प्रक्रिया केलेली प्रत’ असं लिहा. आणि त्या चित्रफितीतली उसनी घरघर काढा.

नोंदवह्या स्कॅन करा आणि प्रत्येक फाइलला वहीतलं नाव लावा. ‘स्त्री ०१४’ हे नाव नाही.

सगळ्याच्या तीन प्रती ठेवा, त्यातली एक निदान दुसऱ्या गावात. दर वर्षी कुणीतरी त्या उघडून वाजतात का ते बघा आणि बघितल्याची तारीख लिहा.

ज्या गावांतून गाणी नेली त्या गावांना त्यांची प्रत परत द्या. पासवर्ड आणि शुल्क अभ्यासकांसाठी ठेवायचं तर ठेवा. गाणाऱ्या बायकांच्या लेकीसुनांना त्यांचाच आवाज ऐकायला अर्ज करायला लावू नका.

आणि शेवटची मागणी, जिला पैसे लागत नाहीत पण वेळ फारच कमी आहे. त्या फितींवर गाणाऱ्या बायकांपैकी ज्या अजून आहेत त्यांना बोलवा, फिती ऐकवा आणि त्या काय सांगतात ते लिहून घ्या. कुणाचा आवाज, कुठली ओवी कुणावर, मागं कोण हसलं. वहीत नसलेलं बरंच काही त्यांच्याकडे आहे. दर पावसाळ्यात त्यांच्यातल्या दोघी-तिघी कमी होतात.

सुरुवात मी करून देते. येत्या सोमवारी ११ वाजता मी धाकट्या चुलतीला घेऊन तुमच्या कार्यालयात येते आहे. तिचं वय ८०. १९८३ च्या त्या स्पूलवर आईच्या समोर बसलेली तीच. तिला जिना चढवत नाही, म्हणून खाली एक खुर्ची आणि फित वाजवायची सोय करावी. लिहून घ्यायला कुणीतरी बसवावं, शक्यतो तो तंत्रज्ञ मुलगा.

आपली,
एक निवृत्त प्राथमिक शिक्षिका
पाटण तालुका, जि. सातारा

ता. क. चुलतीनं विचारलंय, तिथं जातं असंल का? नसलं तर ती म्हणते, येऊन काय उपेग.